जपानी पद्धतीचे भाजलेले शिनाणे: पहिल्यांदाच करणाऱ्यांसाठी

किनाऱ्यावरच्या हॉटेलांत ‘बेक्ड मसल्स’ किंवा ‘डायनामाइट मसल्स’ म्हणून जे मागवलं जातं, ते म्हणजे आपले शिनाणेच, खडकावर वाढणारे हिरवे शिंपले. अर्ध्या शिंपीत शिजलेलं मांस, त्यावर मेयोनीज आणि तिखट सॉसचा जाड थर, आणि तो थर वरून तपकिरी ठिपके पडेपर्यंत भाजलेला. घरी करायला हा पदार्थ मुळीच अवघड नाही. तरी पहिल्यांदा करणाऱ्यांची तक्रार बहुतेक वेळा सारखीच असते: ट्रे बाहेर काढला तर शिंपीत गढूळ पाणी, त्यावर तेलाचे थेंब, सॉस कडेला वाहून गेलेला आणि मांस चिवट. हे सगळं होतं पाण्यामुळे. शिनाण्यांच्या पोटातलं पाणी ओव्हनपर्यंत पोचलं की सॉस फुटतो. सॉस फुटला की आपण अजून थोडा वेळ भाजू म्हणतो. आणि तेवढ्यात मांस रबर होऊन जातं.

म्हणून सुरुवातीलाच एक गोष्ट डोक्यात पक्की करा. इथे ओव्हन शिनाणे शिजवण्यासाठी नाही, सॉस भाजण्यासाठी आहे. शिनाणे त्याआधीच पूर्ण शिजलेले आणि कोरडे झालेले पाहिजेत. पुढचं सगळं याच्या भोवती फिरतं.

याला जपानी म्हणावं का, असा प्रश्न एखादा चोखंदळ पाहुणा विचारेलच. मेयोनीज लावून मासळी भाजणं जपानी घरांत चालतं, त्याला तिथे ‘मायो-याकी’ म्हणतात. पण शिंपल्यांवर तिखट मेयोनीज घालून भाजायचा हा प्रकार वाढला तो अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या, मुख्यतः कॅलिफोर्नियातल्या जपानी उपाहारगृहांत. त्यातलं मेयोनीज ‘क्यूपी’ नावाचं, जे जपानात १९२५ पासून विकलं जातं. तिखट सॉस श्रीराचा, नाव थायलंडमधल्या गावाचं. पण हिरव्या टोपणाची जी बाटली जगभर पोचली ती व्हिएतनामहून आलेल्या डेव्हिड ट्रॅन यांनी १९८० मध्ये लॉस एंजेलिसमध्ये सुरू केलेल्या कंपनीची. आणि शिंपले न्यूझीलंडचे, हिरव्या ओठांचे. इतक्या ठिकाणांहून गोळा झालेल्या पदार्थात गोव्याचे शिनाणे घातले तर कोणाचं काही बिघडत नाही. उलट न्यूझीलंडचा तो शिंपला आणि आपला हिरवा शिनाणा एकाच ‘पर्ना’ कुळातले आहेत, त्यामुळे आकार, चव, शिंपीची खोली सगळं जुळतं. ज्यांच्या घरी तिसऱ्यांची (लहान शिंपल्यांची) एकशिपी होते त्यांना तर अर्ध्या शिंपीत मांस ठेवून शिजवण्यात नवं काहीच वाटणार नाही.

बाजारात

शिनाणे पाऊस ओसरल्यावर, समुद्र निवळला की बाजारात दिसू लागतात आणि मेपर्यंत मिळत राहतात. पावसाळ्यात खडकावर उतरता येत नाही, आणि नद्यांचा गाळ आणि घाण घेऊन आलेल्या पाण्यातले शिंपले कोणी आणून दिले तरी घेऊ नयेत. शिंपला पाणी गाळून त्यातलं खाद्य खातो, म्हणजे पाण्यात जे असेल ते त्याच्या पोटात साठतं. याच कारणासाठी जेटीच्या खांबांवरचे, बंदराजवळचे, गटार समुद्राला मिळतं तिथले शिनाणे स्वतः काढून आणायचा मोह टाळा. वागातोर-हणजूणच्या खडकांवर ओहोटीला हात घालावासा वाटतो खरा, पण कुठलं पाणी स्वच्छ आहे हे वर्षानुवर्षं तेच काम करणाऱ्यांना जास्त कळतं.

एक इशारा गांभीर्याने घ्या. समुद्राचं पाणी कधी कधी सूक्ष्म शैवालामुळे लालसर किंवा तपकिरी दिसतं. त्यातल्या काही जाती विषारी असतात. ते विष शिंपल्यांत साठतं आणि शिजवल्याने जात नाही, कितीही उकळा. १९९७ साली केरळात विळिंजमला शिनाणे खाऊन शेकडो माणसं आजारी पडली, मृत्यूही झाले. तेव्हा पाण्याचा रंग बदलल्याची बातमी असेल त्या दिवसांत शिंपले घरात आणू नका. खाल्ल्यावर ओठांना, जिभेला मुंग्या आल्या किंवा बधिरपणा वाटला तर घरगुती उपाय करत बसू नका, थेट इस्पितळ गाठा.

आता खरेदी. म्हापसा, पणजी, मडगाव, कुठल्याही मोठ्या बाजारात सकाळी लवकर जा. शिनाणे वाट्यावर विकतात, क्वचित वजनावर. बसलेल्या बाईला सरळ विचारा, “बाये, आयच्यो मगो?” (आजचेच ना?) ती हो म्हणेलच, पण विचारताना एक शिंपला हातात घेऊन दुसऱ्यावर टकटक करा. जिवंत शिंपला किंचित उघडा असला तरी टकटक केल्यावर तोंड मिटून घेतो. मिटत नसेल तर बाजूला ठेवा. आकाराच्या मानाने फार जड लागला तर आत चिखल भरलेला असू शकतो, हलका लागला तर आत मांस नाही. वास समुद्राचाच यायला हवा. दुसरा कुठलाही वास आला तर तो वाटा नको, भाव कितीही पाडून दिला तरी.

या पदार्थाला सात-आठ सेंटिमीटर लांबीचे शिनाणे बरे. त्याहून लहान घेतले तर शिंपीत सॉसच सॉस होतो. फार मोठे घेतले तर मांस कापून घ्यावं लागतं, ते पुढे सांगतो. चौघांना जेवणाआधी खायला २४ पुरतात, म्हणजे अंदाजे किलोभर. चार-पाच जास्तच आणा, कारण काही मेलेले निघतात, काही उघडत नाहीत.

घरी आणताना प्लॅस्टिकच्या पिशवीला गाठ मारू नका, गुदमरतात. घरी आल्यावर गोड्या पाण्यात भिजत ठेवणं ही नवख्यांची नेहमीची चूक. नळाच्या पाण्यात शिनाणे मरतात. पसरट भांड्यात घालून, ओलं फडकं झाकून फ्रीजमध्ये ठेवायचे आणि त्याच दिवशी करायचे.

ताजे मिळाले नाहीत तर काही सुपरमार्केटांत न्यूझीलंडचे अर्ध्या शिंपीतले गोठवलेले शिंपले मिळतात. ते आधीच शिजवलेले असतील तर रात्रभर फ्रीजमध्ये वितळवा, पाणी निथळवा, टिपून घ्या आणि थेट सॉसवर या. वितळताना त्यांना पाणी फार सुटतं, त्यामुळे टिपताना ताज्यापेक्षा दुप्पट काळजी घ्यायची. चवीला मात्र ते आपल्या शिनाण्यांच्या जवळपासही येत नाहीत, हे माझं मत.

साफ करणं

शिनाण्यांच्या पाठीवर बारीक, धारदार पांढरे कवच असलेले जीव चिकटलेले असतात. ते सुरीच्या पाठीने खरवडून काढा. हातमोजे नसतील तर जाड फडकं घ्या. त्यांची धार बोटाला कळतही नाही आणि नंतर लिंबू पिळताना कळते. मग काथ्याने किंवा ब्रशने वाहत्या पाण्याखाली घासा. शिंपी पानात जाणार आहे, तेव्हा ती हिरवीगार चमकेपर्यंत घासली तर दिसायला फार छान दिसते.

दोन शिंप्यांच्या फटीतून काथ्यासारखे तंतू बाहेर आलेले असतात. त्यांनी तो खडकाला धरून बसलेला असतो. हे तंतू बोटांत घट्ट धरून शिंपल्याच्या निमुळत्या टोकाकडे, म्हणजे सांध्याच्या दिशेने ओढा. उलट दिशेने ओढलं तर आतलं मांस फाटतं. आणि हे काम शिजवायच्या अगदी आधी करा, तंतू ओढल्यावर शिंपला फार वेळ जगत नाही.

तिसऱ्यांमध्ये जेवढी रेती असते तेवढी यांत नसते, कारण हे खडकावर वाढतात. तरी मिठाच्या पाण्यात अर्धा तास ठेवले तर बरं. एक लिटर पाण्याला ३० ते ३५ ग्रॅम मीठ, म्हणजे समुद्राइतकं खारट. बेसिनमध्ये नव्हे, परातीत ठेवा आणि काढताना हाताने उचलून काढा. परात उपडी केली तर खाली बसलेली रेती परत त्यांच्यावरच पडते.

काही जणांना तिसऱ्या उघडतात तसे शिनाणे कच्चेच आदोळीवर (विळीवर) उघडायची सवय असते. तळायचे असतील तर ते ठीक आहे. इथे नको. कच्चं उघडलेलं मांस ओव्हनमध्ये शिजताना आपलं सगळं पाणी सॉसमध्येच सोडतं.

वाफवणं

पसरट, जड बुडाचा टोप घ्या, घट्ट झाकण असलेला. तळाला अर्धी वाटी पाणी, लसणीच्या दोन ठेचलेल्या पाकळ्या आणि आल्याचे दोन काप. मीठ घालायचं नाही, शिनाण्यांच्या पोटात समुद्र आहे. पाण्याला खळखळून उकळी आली की शिनाणे घाला, दोन थरांपेक्षा जास्त नकोत. झाकण लावा, आच मोठी ठेवा. मधे एकदा टोप दोन्ही हातांनी धरून हलवा म्हणजे खालचे वर येतील. चार-पाच मिनिटांत तोंडं उघडायला लागतात.

इथे घाई होते. शिंपला उघडला म्हणजे शिजला असं नाही. उघडतो तो स्नायू सैल पडल्यामुळे. बहुतेक सगळे उघडल्यावरही झाकण लावून आणखी तीन मिनिटं चांगली वाफ द्या. ओव्हनमधला वेळ थोडा असल्यामुळे पोटाच्या दृष्टीने जे काही शिजायचं ते इथेच शिजायला हवं. शिंपल्यांतून येणारे काही विषाणू हलक्या वाफेला दाद देत नाहीत. मांस आतपर्यंत ९० अंशांच्या वर दीड मिनिट तरी राहायला हवं असा दंडक आहे. फक्त त्यापुढे दहा-दहा मिनिटं उकळत ठेवू नका, नाहीतर चिवटपणाला ओव्हनची वाटही पाहावी लागणार नाही.

इतकं होऊनही ज्यांचं तोंड उघडलं नाही ते टाकून द्या. सुरीने उघडून ‘बघू तरी’ करायचं नाही.

शिनाणे झाऱ्याने परातीत काढा. टोपात जे दुधट, खारट पाणी उरतं ते मलमलच्या फडक्यातून गाळून ठेवा. या पदार्थात त्याला जागा नाही, पण दुसऱ्या दिवशीच्या सुंगटांच्या हुमणात (कोळंबीच्या कालवणात) ते घातलं तर हुमण बोलायला लागतं. फक्त मग हुमणात मीठ शेवटी, चाखून घाला.

हाताला सोसेल इतके निवले की एकेक शिंपला घ्या. वरची शिंपी पिळून मोडून काढा. खालच्या शिंपीत मांस एका पांढऱ्या, गोल स्नायूने घट्ट धरलेलं असतं. लहान सुरीचं टोक त्याच्या खालून फिरवून ते सुटं करा. हे न करता भाजलं तर खाणारा काट्याने ओढत बसतो आणि सॉस शर्टावर येतो. मांस उचलून पाहा. मधोमध तंतूंचा बुडखा राहिला असेल तर चिमटीत धरून उपटा. काहींचं मांस नारिंगी दिसेल, काहींचं मळकट पांढरं: नारिंगी मादी, पांढरा नर. दोन्ही चवीला सारखेच चांगले. एखाद्यात मऊ, पिवळट बारीक कुर्ली सापडेल. ती शिंपल्याच्या आतच राहते, तिच्यामुळे शिनाणे खराब ठरत नाहीत. काढून टाका, किंवा घरात आवड असणारा कोणीतरी असतोच, त्याला द्या.

आता पाणी. सुटं केलेलं मांस स्वच्छ, कोरड्या फडक्यावर पसरा आणि दुसऱ्या फडक्याने वरून हलकेच दाबा. मांसाच्या कडेला जी झालर असते तिच्या घड्यांत पाणी लपलेलं असतं. तिथे बोटाने फडकं टेकवा. मग दहा मिनिटं तसंच राहू द्या. परत पाहाल तेव्हा खालचं फडकं पुन्हा ओलं झालेलं असेल. तेवढं सगळं पाणी सॉसमध्ये गेलं असतं. शिंप्याही आतून पुसून उपड्या ठेवा. माझ्या मते सगळ्या कृतीत सगळ्यात महत्त्वाची ही दहा मिनिटं आहेत आणि नेमकी हीच लोक गाळतात, कारण यात काही करत असल्यासारखं वाटत नाही.

सॉस

२४ शिनाण्यांसाठी:

मेयोनीज १५० ग्रॅम
श्रीराचा २ मोठे चमचे
सोया सॉस १ छोटा चमचा
भाजलेल्या तिळाच्या तेलाचे ४-५ थेंब
लसणीची १ लहान पाकळी, किसून
लिंबाचा रस अर्धा छोटा चमचा
कांद्याची पात, बारीक चिरून, वरून घालायला

मेयोनीजवर थोडं थांबायला हवं. जपानी मेयोनीज अख्ख्या अंड्याऐवजी फक्त बलकाचं असतं, म्हणून ते दाट, पिवळसर आणि चवीला भरीव लागतं. आपल्याकडे दुकानात सर्वांत पुढे मांडलेली असते ती बिनअंड्याची बाटली. सँडविचला ती चालते. इथे नाही: ती बहुधा गोड असते, आणि अंड्यामुळे वर जो तपकिरी, किंचित फुगलेला थर येतो तो तिला नीट येत नाही. लेबल वाचा आणि अंड्याचं मेयोनीज घ्या. क्यूपी मिळालं तर उत्तमच. नाही मिळालं तर साध्या अंड्याच्या मेयोनीजमध्ये अर्धा छोटा चमचा माडाचं व्हिनेगर आणि अजिनोमोटोची अगदी लहान चिमूट घाला, बरंच जवळ येतं. अजिनोमोटो म्हटलं की घरात भुवया उंचावतात. पण जपानी मेयोनीजच्या त्या चवीमागे तेच आहे. १९०८ साली किकुनाए इकेदा यांनी समुद्री शेवाळाच्या रश्शातून ते ओळखून काढलं, तोवर ते रश्शातून खाल्लं जातच होतं. नको असेल तर नका घालू, पदार्थ अडत नाही.

घरी कच्च्या अंड्याचं मेयोनीज करायचा उत्साह असेल तर पहिल्या खेपेला तो आवरा. ओव्हनमध्ये सॉस वरून भाजला जातो, आतपर्यंत पुरेसा तापेल याची खात्री नसते. कच्च्या अंड्याच्या मेयोनीजमधून विषबाधा झाल्यानंतर तेलंगणाने २०२४ मध्ये त्यावर बंदी घातली होती, केरळने त्याच्या आदल्या वर्षी. बाटलीतलं बरं.

श्रीराचा आता पणजी-मडगावच्या कुठल्याही बऱ्या दुकानात मिळतो. पण काणकोणची खोलाची मिरची घरात असेल तर स्वतःच करून पाहा. २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेली ही मिरची रंगाने भडक आणि तिखटपणात बेताची आहे, म्हणजे या कामाला अगदी योग्य. आठ-दहा सुक्या मिरच्या बिया झाडून गरम पाण्यात अर्धा तास भिजवा. लसणीच्या चार पाकळ्या, एक मोठा चमचा साखर, अर्धा छोटा चमचा मीठ आणि दोन मोठे चमचे माडाचं व्हिनेगर घालून गंधासारख्या बारीक वाटा, गाळा, आणि लहान कढईत मंद आचेवर आटवा. चमच्याने मधोमध रेघ ओढली तर ती लगेच भरून येता कामा नये. पातळ राहिला तर तेच पाणी, दुसऱ्या वाटेने.

रेशाद मसाला (मासळीला लावायचा गोव्याचा लाल मसाला) घालू का, असं हमखास विचारलं जातं. घाला, खायला वाईट लागणार नाही. पण लवंग, दालचिनी, जिरं आलं की मेयोनीजची आणि शिनाण्यांची गोडसर चव मागे पडते आणि तो वेगळाच पदार्थ होतो. निदान पहिल्यांदा तरी नको.

सगळं वाडग्यात एकत्र करा. मीठ घालू नका. सोया, मेयोनीज आणि शिनाणे तिघेही खारट आहेत. मिश्रण झाकून अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. थंड सॉस दाट होतो, आणि दाट सॉस ओव्हनमध्ये जास्त वेळ जागेवर राहतो. चमचाभर घेऊन चमचा उपडा करा: सॉस सरकला नाही पाहिजे. सरकला तर अजून एक-दोन चमचे मेयोनीज घाला, मैदा किंवा कॉर्नफ्लोअर नको.

मूळ पदार्थात सॉसमध्ये किंवा वर बारीक नारिंगी मत्स्यअंडी असतात, कापलिन किंवा उडत्या माशाची, दाताखाली फुटणारी. ती इथे सहज मिळत नाहीत. आपली गाबोळी त्या जागी चालत नाही, तिचा पोत वेगळा. मी त्याऐवजी कोरडा भाजून हाताने चुरलेला गालमो (बारीक सुकी कोळंबी) वापरतो, वाढताना वरून चिमूट चिमूट. कुरकुरीत, खारट, आणि गोव्यातल्या कुठल्याही घरात असतोच.

भाजणं

शिंपी गोल बुडाची, ट्रेवर ठेवली की कलंडते आणि सॉस सांडतो. त्यासाठी ट्रेमध्ये खड्या मिठाचा सेंटिमीटरभर थर पसरा आणि शिंप्या त्यात रोवा. आगरवाड्याचं, हडफड्याचं, जवळच्या मिठागराचं जाड मीठ यासाठी झकास. टेबलाचं बारीक मीठ वाया घालवू नका. हेच मीठ थंड करून बरणीत भरून ठेवलं तर पुढच्या वेळीही कामाला येतं. मीठ नसेल तर चांदीचा कागद चुरगळून त्याचे खळगे करा.

ओटीजी २३० अंशांवर, वरची-खालची दोन्ही कांडी लावून पंधरा मिनिटं तापवा. ओव्हन लाल होण्याआधी ट्रे आत गेला तर सॉस भाजला जाण्याऐवजी वितळतो. दरम्यान प्रत्येक शिंपीत मांस ठेवा, त्यावर दीड छोटा चमचा सॉस घाला आणि चमच्याच्या पाठीने कडेपर्यंत नेऊन मांस पूर्ण झाका. उघडं राहिलेलं टोक सुकतं. मोठे शिनाणे असतील तर मांसाचे दोन-तीन तुकडे करून थोड्या सॉसमध्ये घोळवा, शिंपीत भरा, वर उरलेला सॉस.

ट्रे वरच्या खणात ठेवा आणि आता फक्त वरची कांडी चालू राहू द्या. इथून पुढे दारासमोरून हलू नका. तीन-चार मिनिटांत सॉसच्या कडा बुडबुडायला लागतात. सहाव्या-सातव्या मिनिटाला मध्यभागी पहिले तपकिरी ठिपके दिसतात. ठिपके वाटाण्याएवढे झाले की बाहेर काढा. सगळा पृष्ठभाग एकसारखा तपकिरी होण्याची वाट पाहिलीत तर कडेला पारदर्शक तेल दिसू लागेल, आणि सॉस एकदा फुटला की परत जुळत नाही. मागचा कोपरा लवकर भाजला जात असेल तर मधे एकदा ट्रे फिरवा. लहान ओटीजी बहुतेक असेच असतात.

एअर फ्रायरमध्ये २०० अंशांवर पाच-सहा मिनिटं पुरतात, पण एका वेळी सात-आठच मावतात. साध्या मायक्रोवेव्हमध्ये हे करू नका, तो वरून भाजत नाही, नुसता उकळतो. ओव्हन नसेल तर झाकलेल्या कढईत मीठ तापवून त्यावर शिंप्या ठेवून सॉस गरम करता येतो, मग वरून गॅसच्या लहान टॉर्चने डाग पाडायचे. झाकणाच्या आतून वाफेचे थेंब खाली पडतात, म्हणून झाकणाला फडकं बांधा. आणि गावातला पोदेर (पाव भाजणारा) ओळखीचा असेल तर संध्याकाळचे पाव निघाल्यावर ट्रे घेऊन जा. लाकडाच्या भट्टीत चार मिनिटांत जे होतं ते घरच्या ओटीजीला जमत नाही.

बिघडलं तर

सॉस पातळ होऊन वाहिला: मांस ओलं होतं, किंवा ओव्हन पुरेसा तापला नव्हता. तेल सुटलं पण ठिपके आले नाहीत: ट्रे खालच्या खणात होता. पुढच्या खेपेला वर सरकवा, वेळ वाढवू नका. मांस चिवट: वाफवताना जास्त झालं, ओव्हनला दोष देण्यात अर्थ नाही. फार गोड लागलं तर मेयोनीज बदला, तोवर वरून लिंबू पिळून खा. शिनाण्यांची चवच लागत नाही, असं कोणी म्हणालं तर सॉस दीड चमच्यावरून एकवर आणा. तिखट कमी वाटलं म्हणून मात्र श्रीराचा दुप्पट करू नका. सॉस पातळ होतो. त्याऐवजी सुक्या मिरचीची पूड घाला.

वाढणं

ट्रेमधून काढून दोन मिनिटं थांबा, सॉस किंचित आवळतो. मग कांद्याची पात, गालमो, लिंबाची फोड. शिंपी तापलेली असते, मुलांच्या हातात देऊ नका. शिंपल्यांखेरीज यात अंडं, सोया आणि तीळही आहेत, गालमो घातला तर सुकी कोळंबीही. तेव्हा पाहुण्यांना काय चालत नाही ते आधीच विचारा. सुंगटं बिनघोर खाणाऱ्यालाही शिंपले सोसत नाहीत असं होतं.

भाताबरोबर देतात, पण मला पोय (गोव्याचा गोल पाव) जास्त आवडते: शिंपीत उरलेला सॉस निपटायला तिच्याइतकं सोयीचं काही नाही. एप्रिल-मेमध्ये शिनाणे संपत आलेले असतात आणि हुर्राक (काजूच्या बोंडांची हलकी दारू) सुरू असतो, घेणाऱ्यांना ते दोन्ही एकत्र कसे जमतात हे सांगायला नको. न घेणाऱ्यांना सोलकढी.

भाजलेले उरले तर ते परत तापवायच्या भानगडीत पडू नका, सॉस फुटतोच. जास्त शिनाणे आणले असतील तर वाफवलेलं मांस सॉस न लावता झाकून फ्रीजमध्ये ठेवा. दुसऱ्या दिवशी हळद, तिखट, मीठ लावून रव्यात घोळवा आणि तव्यावर तळा. सॉस बाटलीत भरून दोन दिवस राहतो. त्यात कच्चा लसूण असल्याने त्यापुढे ठेवू नका.